काही घडता कामा नये

लोक रस्ते बांधतात, पूल बांधतात. फिलरकाकांनी जन्मभर खड्डे बुजवले. रस्त्यांतले नव्हेत, मालिकांमधले.

हे काय प्रकरण आहे ते आधी सांगून टाकतो, म्हणजे मध्येच अडवू नका. रोजच्या मालिकेचा भाग ठरलेल्या लांबीचा लागतो. त्यात जाहिराती बसवायच्या असतात, आणि जाहिरातींशी मस्करी करायची कुणाची टाप नाही. पण शूटिंग म्हणजे काही मापाने शिवलेला सदरा नव्हे. नायिकेचा घसा बसतो, वीज जाते, नायक रुसून गाडीत जाऊन बसतो. मग एडिटर सगळं जोडून बघतो तर भाग तोकडा. दोन-तीन मिनिटं कमीच. अशा वेळी असेल त्या खोलीत, असतील त्या नटांना धरून एक छोटासा सीन घाईघाईने लिहायचा आणि काढायचा. त्याला म्हणतात फिलर. हे फिलर लिहिण्यात ज्यांची हयात गेली, ते आमचे फिलरकाका. खरं नाव विचारू नका. स्टुडिओच्या दारावरच्या वॉचमनलाही ते सांगता येणार नाही.

फिलरचा नियम एकच, पण एकदम कडक: त्यात काही घडता कामा नये. मुख्य गोष्ट लिहिणारे लोक वेगळे. त्यांनी पुढच्या चार महिन्यांचं सगळं ठरवून ठेवलेलं असतं, कोण कुणाला फसवणार, कुणाची स्मृती जाणार, कुणाची परत येणार. त्यात फिलरवाल्याने नाक खुपसायचं नाही. सीन सुरू होताना जो जिथे होता, संपताना तो तिथेच असला पाहिजे. चहा प्या, भाजी निवडा, छत्री कुठे ठेवली यावर हवं तेवढं भांडा. पण कुणाला काही नवं कळायचं नाही. कुणी रुसायचं नाही, आणि रुसलंच तर सीन संपायच्या आत हसलं पाहिजे.

तरुणपणी काकाही मोठ्या उमेदीने या धंद्यात आले होते. त्यांची स्वतःची अशी एक मालिका आलीही, एका छापखान्यातल्या माणसांची. तिसऱ्या आठवड्यात तिने मान टाकली. कारण काय, तर तिच्यात काही घडायचंच नाही! माणसं आपली खिळे जुळवतायत, डबे खातायत, एकमेकांच्या खोड्या काढतायत. निर्मात्याने कपाळाला हात लावला. पण माणूस हुशार. काकांना बोलावून म्हणाला, "काहीही न घडवता माणसं बोलती ठेवायची, हे फार थोड्यांना जमतं. तुम्हाला जमतं." हा टोमणा होता की शाबासकी, ते काकांना आजवर कळलेलं नाही. त्यांनी शाबासकी म्हणून घेतली आणि तिच्या जोरावर सुखाने संसार केला.

सुखाने म्हणजे खरोखर सुखाने. मोठ्या लेखकांकडे बघा: कुणाला रक्तदाब, कुणाला झोपेच्या गोळ्या. रोज उठून कुणाला तरी विष घालायचं, कुणाचा तरी बंगला जाळायचा, म्हणजे माणसाचं दुसरं काय होणार? काकांची माणसं रोज चहा पीत बसायची. काकांना पडल्या पडल्या झोप लागायची, अन् ते घोरायचेही दणक्यात. शेवटच्या पाट्यांत त्यांचं नाव यायचं ते कोपऱ्यात, मुंगीएवढ्या अक्षरात, आणि धावत. बायकोने एकदा रिमोटचं बटण दाबून ते पकडायचा प्रयत्न केला, तेव्हा तिच्या हाती अर्धं आडनाव लागलं. "पुरे आहे," काका म्हणाले. "बाकीचं तुला ठाऊकच आहे."

बायको पोस्टात काउंटरवर होती, आता निवृत्त. समोरच्याला काय हवंय ते त्याने तोंड उघडायच्या आत ओळखायची तिला सवय. सगळ्या मालिका तिला आधीच कळायच्या. दुसऱ्या भागातच सांगून टाकायची, हा दुष्ट, ही सोंग करतेय, आणि याला जुळा भाऊ आहे. तिला आयुष्यात एकाच गोष्टीचा पत्ता लागला नव्हता, आणि ती गोष्ट नेमकी नवऱ्याच्या हातची होती. आपली सगळी कहाणी त्या एका गोष्टीची आहे.

ती बंगल्याची मालिका. आठ वर्षं चालली. एक मोठा बंगला, त्यात बरीच माणसं, आणि एक नायिका, जिचं लग्न ठरायचं आणि मोडायचं, मोडायचं आणि ठरायचं. काकांचे फिलर मात्र कायम त्या बंगल्याच्या स्वयंपाकघरात. कारण तिथली दोन माणसं नेहमी हाताशी असायची: बंगल्यातली स्वयंपाकीण आणि बंगल्याचा ड्रायव्हर. स्वयंपाकीण व्हायची एक जुनी रंगभूमीवरची नटी, ठसठशीत आवाजाची. सेटवर तिला सगळे 'बाई' म्हणत. ड्रायव्हर होणारा नट उंच, लाजरा, आणि कॅमेरा बंद झाला की तोंडही बंद. बाकीचे कलाकार दिवाणखान्यात एकमेकांना थोबाडीत मारत असायचे, तेव्हा ही दोघं आत मटार सोलत असायची.

चार वर्षांपूर्वी एका फिलरमध्ये घोळ झाला. झालं असं, की काकांनी त्या दिवशी जरा गंमत म्हणून ड्रायव्हरच्या तोंडी एक वाक्य घातलं. मटार सोलता सोलता तो म्हणतो, "तुम्ही एकट्या, मीही एकटा. आपण एका घरात राहिलो तर बिघडलं कुठे?" त्यावर स्वयंपाकीण हातातलं पातेलं खाली ठेवते, त्याच्याकडे बघते, आणि म्हणते, "आधी ती गाडी धुऊन या, मग माझ्याशी बोला." तो हसतो, तीही हसते. खेळ खलास. जो जिथे होता तो तिथेच. नियमाला धरून चोख काम.

पण एडिटरला पूर्ण सीन नको होता. एडिटर म्हणजे 'कात्री'. त्याला सगळे याच नावाने हाक मारतात, आणि त्याला राग येत नाही. त्याने लांबी मोजली. बाईंनी पातेलं खाली ठेवून वर बघितलं, तिथेच भाग पुरा झाला. कात्रीने विचार केला, फिलरच तर आहे, शेवट असला काय अन् नसला काय! आणि कच्चकन कापलं. ड्रायव्हरचा प्रश्न टीव्हीवर दिसला, बाईंची नजर दिसली, आणि उत्तराच्या जागी वाजलं मालिकेचं संगीत.

झालं! दुसऱ्या दिवसापासून चॅनेलचे फोन थांबेनात. नायिकेचं लग्न मोडल्याचं कुणाला सोयरसुतक नाही, सगळ्यांना एकच हवं: स्वयंपाकीण काय म्हणाली? बसस्टॉपवर तीच चर्चा, दवाखान्यात तीच चर्चा. काकांच्या बायकोच्या हातातला घास हातातच राहिला होता. काका सांगणार, तेवढ्यात तिने हात वर केला. "सांगू नका. मी बघेन."

ती काय बघणार, कप्पाळ! चॅनेलवाले भडकले. मालिका कुणाची? नायिकेची. लोक विचारतायत कुणाचं? स्वयंपाकिणीचं. त्यांनी फर्मान काढलं, त्या दोघांच्या लग्नाची भानगड पुन्हा काढायची नाही, विषय बंद. काकांनी मान डोलावली. त्यानंतर त्यांनी ढिगाने फिलर लिहिले. दोघं चहा करतायत, दोघं डबे लावतायत, दोघं टपकणाऱ्या नळाला शिव्या घालतायत. पण त्या प्रश्नाचं घोंगडं तसंच भिजत पडलं, चार वर्षं.

आणि आतली गोष्ट सांगू का? काकांनाही उत्तर ठाऊक नव्हतं. लिहिलेलं उत्तर होतं की, गाडी धुऊन या म्हणून. पण बाईंची ती नजर टीव्हीवर पाहिली आणि काकांना कळून चुकलं, की असं बघणारी बाई पुढे गाडी धुण्याबिण्याचं काढणार नाही. मग काय म्हणेल? काकांना सुचेना. विषय बंद झाला ते एका परीने त्यांच्या पथ्यावरच पडलं.

आता मात्र मालिका संपत आली होती. शनिवारी शेवटचा भाग, त्यात नायिकेचं लग्न, एकदाचं. बायकोने आदल्या रविवारीच तोंड फुगवलं.

"म्हणजे आमच्या तोंडाला पानं पुसणार तुम्ही लोक?"

"मी कोण पुसणारा? मी आपला खड्डे बुजवणारा."

"मग हा खड्डा कुणी पाडला? तुम्हीच ना? बुजवा की."

काकांनी हसण्यावारी नेलं. पण सोमवारी मेकअपच्या खोलीबाहेर बाईंनी त्यांना गाठलं. एका गालाला रंग लागलेला, दुसरा कोरा, आणि नेहमीसारखी थट्टा अजिबात नाही.

"काका, मला उत्तर पाहिजे."

"कसलं उत्तर?"

"वेड पांघरू नका. मी आठ वर्षं ही बाई केली. शनिवारनंतर ती नाही. डॉक्टर मला तपासताना विचारतो, 'काय ठरलं मग?' मी काय सांगू, कापलं म्हणून? नाही म्हणायला लावा, माझी हरकत नाही. पण तिला अशी अर्ध्यावर सोडू नका हो." बोलता बोलता त्यांचा आवाज फुटला, आणि त्यांनी तो खोकून झाकला.

काकांना फार लागलं ते. इतक्या वर्षांत आपल्या लिखाणाबद्दल कुणी डोळ्यांत पाणी आणून काही मागितलं नव्हतं. ते तडक मॅडमकडे गेले. मॅडम म्हणजे मालिकेची गोष्ट ठरवणाऱ्या टीमची प्रमुख. वयाने काकांच्या मुलीएवढी, फटकळ, पण मनाने सरळ.

"काका, मला का कळत नाही?" ती म्हणाली. "माझी आई रोज डोकं खाते, स्वयंपाकिणीचं काय केलंस म्हणून. पण चॅनेलवाले ऐकायचे नाहीत. शनिवारच्या लग्नाआधी या दोघांनी भाव खाल्ला तर ते माझा जीव घेतील. आणि शनिवारचा भाग आत्ताच फुगलाय. मीच त्यातलं कापतेय. तुमचा सीन कुठे घालू, माझ्या डोक्यात?"

घोडं तिथेच अडलं. काका मुकाट घरी आले आणि बायकोची नजर चुकवून जेवले.

पण मंगळवारी सकाळी नशीब उघडलं म्हणा की छत कोसळलं म्हणा, कारण खरंच छत कोसळलं. दिवाणखान्याच्या सेटवरचं ते पुठ्ठ्याचं नक्षीदार छत झुंबरासकट खाली आलं. कुणाला लागलं नाही. खाली उभ्या असलेल्या खलनायकाला एवढा धूर-धुरळा बघून आपलाच सीन सुरू झाला असं वाटलं आणि तो एक वाक्य बोलूनही गेला. पण दिवाणखाना गेला तो गेला, आणि गुरुवारचा भाग तोकडा पडला. मॅडमचा फोन आला.

"काका, खड्डा पडला. स्वयंपाकघर शाबूत आहे, बाई आणि ड्रायव्हर मोकळे आहेत. उद्या सकाळी काढू. आज लिहून द्याल?"

"देतो की."

"आणि काका..." मॅडम म्हणाली. "मला ठाऊक आहे तुमच्या मनात काय आहे. पण हात जोडते, काही घडवू नका. घडलं तर तो सीन चॅनेलवाले उडवणार, आणि मग माझ्याकडे गुरुवारसाठी काहीच उरणार नाही."

घ्या! सीन मिळाला, पण तोंड बांधून मिळाला. उत्तर दिलं तर सीन उडणार. नाही दिलं तर बाई जन्मभर तशीच बघत राहणार, पातेलं खाली ठेवून. काका दुपारभर कोऱ्या कागदासमोर बसून राहिले. फिलर लिहायला त्यांना एरवी एक कप चहा लागायचा. आज किटली संपली. शेवटी उठले आणि कात्रीच्या एडिटिंगच्या खोलीत गेले.

ती खोली म्हणजे एक अंधारं कपाटच. दोन पडदे, दोन खुर्च्या, आणि सँडविचचा कायमचा वास. कात्रीवर कामाचा डोंगर होता, पण चार वर्षांपूर्वीचा तो कच्चकन त्याच्याही मनाला कुठेतरी टोचत असावा.

"बोला काका."

"त्या दोघांचे फिलर आहेत ना तुझ्याकडे, त्या प्रश्नानंतरचे? ओळीने लाव बघू. शेवटचं लिहायचंय, जरा कानावर पडू देत."

कात्रीने शोधून शोधून एकामागून एक जोडले. असे सलग ते आजवर कुणी पाहिलेच नव्हते, काकांनीही नाही. पडद्यावर स्वयंपाकघर आलं. बाई भांडी पुसत म्हणत होत्या, "तुमच्या त्या निळ्या शर्टाचं बटण लावून ठेवलंय. पुन्हा तोडलंत तर स्वतः लावा." पुढच्यात ड्रायव्हर म्हणत होता, "चष्मा शोधताय? फ्रिजवर बघा. परवाही तिथेच होता." त्याच्या पुढच्यात बाई ओरडत होत्या, "बहिणीकडे जायचं तर आदल्या दिवशी सांगायला काय होतं हो तुम्हाला? मी दोघांचं करून बसते!" मग कधी तो तिला न विचारता तिच्या कपात कमी साखर घालत होता, कधी ती त्याच्याकडे न बघताच रुमाल पुढे करत होती. आणि एकात तर कमालच. बाई कमरेवर हात ठेवून म्हणत होत्या, "घोरता ते घोरता, वर कबूलही करत नाही!"

कात्रीने सँडविच तोंडात तसंच धरून मान वळवली. "काका, एक विचारू? हा घोरतो, हे हिला कसं कळलं?"

काकांनी पडद्यावरच्या बाईंकडे पुन्हा पाहिलं. खरंच की! बंगल्यातली स्वयंपाकीण, परका ड्रायव्हर, दोघं आपापल्या घरी जाणारी माणसं. हिला त्याच्या घोरण्याचा पत्ता कुठून लागणार? एवढी ढळढळीत चूक, आणि ती ना दिग्दर्शकाला दिसली, ना चॅनेलला, ना फोन करणाऱ्या हजारो लोकांना. चूक कुठून आली तेही काकांना लगेच कळलं. निळा शर्ट त्यांचा. फ्रिजवरचा चष्मा बायकोचा. बहिणीकडे न सांगता जाणारे ते स्वतः. काकांनी आयुष्यात एकच स्वयंपाकघर जवळून पाहिलं होतं. दोन माणसं मटार सोलताना कशी बोलतात, हे त्यांना तिथलंच ठाऊक होतं. तेच त्यांनी लिहून काढलं होतं, वर्षानुवर्षं, डोळे झाकून. दोन परक्या माणसांना त्यांनी नकळत मुरलेले नवरा-बायको करून ठेवलं होतं.

"हे तर आमच्या घरच्यासारखंच भांडतात," कात्री म्हणाला.

काका आधी ओशाळले. इतकी वर्षं लिहितोय आणि हे असलं! दुसऱ्या क्षणी ते ताठ बसले, आणि तिसऱ्या क्षणी असे हसत सुटले की कात्री घाबरला.

"काय झालं?"

"अरे, यांचं लग्न झालंय!"

"कुणाचं?"

"यांचं! केव्हाच झालंय! आणि आपल्याला कुणालाच पत्ता नाही!"

सीन लिहायला त्यांना एक कप चहासुद्धा लागला नाही. तिथेच, कात्रीच्या टेबलाच्या कोपऱ्यावर, सँडविचचा चुरा बाजूला सारून त्यांनी लिहिला आणि मॅडमच्या हातात दिला. सीन असा होता. बाहेर लग्नाची धामधूम, आत दोघं मटार सोलतायत. ड्रायव्हर म्हणतो, "मी म्हणतो, आता तरी बंगल्यात सांगून टाकावं का?" ती म्हणते, "काय सांगायचं?" "आपलं लग्न झालंय ते." "चार वर्षं होतील आता. कुणी विचारलं का?" "नाही." "मग? ताईंच्या लग्नात मध्येच आपलं कुठे काढता. सोला ते मटार." थोडा वेळ दोघं सोलतात. मग तो म्हणतो, "पण मी विचारलं होतं हां." ती त्याच्याकडे बघते आणि म्हणते, "म्हणून तर तुम्हाला सांगितलं." बस, संपला सीन.

मॅडमने एकदा वाचलं. पुन्हा वाचलं. काका समोर उभे.

"काका, हे लग्न..."

"सीनमध्ये नाही होत. आधीच झालंय."

"पण मग कळतं ना सगळ्यांना?"

"बंगल्यात? कुणालाच नाही. सीन सुरू होतो तेव्हा ही दोघं नवरा-बायको, संपतो तेव्हाही नवरा-बायको. जो जिथे होता तो तिथेच आहे."

"आणि शनिवारच्या लग्नाला..."

"धक्का नाही. ती बिचारी स्वतःच म्हणतेय, आपलं मध्ये काढू नका."

मॅडम ओठ दाबून बसली होती. तेवढ्यात चॅनेलवाल्याचा फोन आला. गुरुवारचं काय झालं, म्हणून तो विचारत होता. फिलर आहे, मॅडम म्हणाली, हो, काकांचाच, हो, स्वयंपाकघरात. मग पलीकडून नेहमीचा प्रश्न आला असावा, कारण तिने काकांकडे पाहिलं, डोळे मिचकावले आणि गंभीर आवाजात म्हणाली, "नाही सर. यात काहीच घडत नाही." काकांचा जीव भांड्यात पडला.

बुधवारी सकाळी बाईंनी कागद वाचला आणि तिथल्या मोडक्या स्टुलावर बसल्या. तो लाजरा नट बाजूला उभा राहून चपलेने फरशी घासत होता.

"काका," बाईंनी विचारलं, "मग मी 'हो' म्हणाले कधी?"

"तेव्हाच. कात्रीने कापलं ना, त्याच्या लगेच पुढे."

"मला वाटलंच होतं," बाई म्हणाल्या. पदराने डोळे टिपले आणि खणखणीत ओरडल्या, "आणा रे ते मटार! आणि मेकअपवाल्याला सांगा, नाक लाल झालंय माझं, पुन्हा रंगवा."

पहिल्याच फटक्यात सीन ओके झाला. लाजऱ्या नटाने 'पण मी विचारलं होतं हां' हे असं म्हटलं, की लाइटवाले वर मचाणावर टाळ्या वाजवू लागले आणि त्यांना दटावून गप्प करावं लागलं. काकांनी एडिटिंगच्या खोलीत जाऊन दम भरला, "शेवट कापलास तर याद राख." कात्री म्हणाला, "कापू काय, कपाळ? लांबीला पुरेपूर भरलाय."

गुरुवारी संध्याकाळी काका घरी टीव्हीसमोर बसले. बायको रुसलेलीच होती, पण बसली होती. शेवटचा आठवडा कुणी चुकवत नाही. काकांनी घरात ताकास तूर लागू दिली नव्हती. तोंड दाबून दाबून त्यांचे गाल दुखत होते. छत पडायच्या आधी काढलेलं दिवाणखान्यातलं रडणं झालं, जाहिराती झाल्या, आणि स्वयंपाकघर आलं.

बायकोने आधी नुसतं पाहिलं. 'आपलं लग्न झालंय ते' आलं, तसा तिचा हात काकांच्या मनगटावर येऊन घट्ट बसला. 'कुणी विचारलं का?' ला ती मोठ्याने हसली. शेवटचं वाक्य आलं तेव्हा हसू तसंच होतं आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि ते पुसायला तिने मनगट काही सोडलं नाही.

संगीत वाजलं. ती गर्रकन वळली.

"चार वर्षं! चार वर्षं तुम्हाला ठाऊक होतं, आणि माझ्याजवळ चकार शब्द काढला नाहीत?"

"छे गं! शपथेवर सांगतो, मलाच मंगळवारी कळलं."

"कसं कळलं?"

"ती तुझ्यासारखी बोलत होती. सगळे फिलर ओळीने लावून पाहिले, तर तूच. शर्टाचं बटण, तो चष्मा, सगळं. लग्न झाल्याशिवाय असं कोण कुणाला बोलेल?"

"म्हणजे माझ्या बोलण्यावर पोट भरलंत आजवर!"

"हो," काका म्हणाले. "सुखाने भरलं."

बायकोने आता कुठे त्यांचं मनगट सोडलं. तेवढ्यात फोन वाजला. तिच्या बहिणीचा. पलीकडून आरडाओरडा इतका की काकांनाही ऐकू येत होता: पाहिलंस का, झालंय म्हणे लग्न, केव्हाचं झालंय, कुणाला कळलं नाही बघ! बायकोने डोळे पुसले, घसा साफ केला, आणि काकांकडे बघत, पोस्टाच्या काउंटरवरच्या त्या जुन्या आवाजात म्हणाली, "अगं, त्यात काय एवढं? मला तर पहिल्यापासून ठाऊक होतं."